एक-आठ ते सात-शून्य

मोजणीदारांच्या घरात वस्तूंना जागा नव्हत्या, आकडे होते. खुर्ची तीन-दोनवर, पाण्याचा तांब्या पाच-चारवर, चपला एक-शून्यवर. दारातून आत तोंड करून उभं राहायचं, डाव्या हाताचा कोपरा म्हणजे शून्य. तिथून उजवीकडे किती फरशा तो पहिला आकडा, आत किती फरशा तो दुसरा. शून्याच्या कोपऱ्यात एक जुनी काळी छत्री टांगलेली असे. ती कधी कोणी बाहेर नेली नाही, कारण तिला तिथून हलवायची कोणाची छाती नव्हती.

ही व्यवस्था मोजणीदारांचे डोळे गेले त्या वर्षी लागली. माणसाने चौतीस वर्षं दुसऱ्यांच्या जमिनी मोजल्या, साखळ्या ओढल्या, खुणेचे दगड रोवले, भांडणाऱ्या भावांच्या मधोमध उभं राहून हद्द आखून दिली. आणि निवृत्त होऊन सहा महिने होतात न होतात तोच नजर विरत विरत पार गेली. अंधार नाही झाला. सगळं दुधी झालं. उन्हात धरलेल्या कोऱ्या कागदासारखं. कोरा कागद दिसला की मोजणीदाराने काय करावं? त्यांनी त्यावर आडव्या-उभ्या रेघा आखल्या.

बायकोने सुरुवातीला कपाळाला हात लावला. शाळेत गणिताच्या पेपरात तीनदा गटांगळ्या खाल्लेली बाई ती. पण महिन्याभरात तिला आकडे असे अंगवळणी पडले, की पाहुण्यांसमोरही ती खुशाल म्हणायची, "अहो, चहा चार-तीनवर ठेवलाय, निववू नका." पाहुणे एकमेकांकडे बघायचे. घरात नऊ-दोन ही एक जागा होती. तिथे ती काही ठेवायची नाही, का तर ठेवलेली वस्तू पळून जाईल म्हणून. या विनोदावर ती दर वेळी नव्याने हसे आणि मोजणीदार दर वेळी नव्याने चिडत.

मोजणीदार चालायचेही आखून. आधी आत, मग बाजूला. तिरकं म्हणून पाऊल टाकायचं नाही. "बुद्धिबळातला हत्तीसुद्धा इतका हट्टी नसतो हो," ती म्हणायची. "मी इथं, तुम्ही तिथं, मध्ये सगळी फरशी मोकळी. सरळ माझ्याकडे चालत या की!"

"तिरकं अंतर पावलांत येत नाही. काढावं लागतं."

"मग काढा."

"आडव्यातला फरक, उभ्यातला फरक, दोन्हींचे वर्ग, बेरीज, वर्गमूळ. तोवर तूच येशील."

आणि तीच यायची. म्हणून मोजणीदारांना घरातल्या प्रत्येक वस्तूचं शून्यापासूनचं ठिकाण तोंडपाठ होतं, पण एका वस्तूपासून दुसऱ्या वस्तूपर्यंत किती, हे काढायची कधी वेळ आली नाही.

मुलीचंही तसंच झालं होतं.

मुलीला घरात ठकू म्हणत. मोजणीचं शिक्षण दुसऱ्या वर्षी अर्धवट सोडून ती शिवणकामाकडे वळली, त्याला आता अकरा वर्षं झाली. त्या दिवशी जेवणाच्या टेबलावर मोजणीदार जे बोलले, ते तिच्या जिव्हारी लागलं. "जिला सरळ रेघ मारता येत नाही, ती कापड काय कापणार? तुझं माप आयुष्यात कधी बरोबर येणार नाही." ठकूने हातातला घास ताटात ठेवला, हात धुतले, आणि आठवड्याभरात दुसऱ्या गावी एका शिवणवाल्या बाईंच्या हाताखाली कामाला लागली. पुढे तिने स्वतःचं दुकान काढलं. बायका तिने बेतलेल्या कपड्यांसाठी दोन-दोन महिने थांबतात, असं आई सांगायची. आईच सांगायची सगळं. फोन आला की आई मध्ये. "बाबा विचारतायत जेवलीस का." "ठकू विचारतेय थेंब घातले का डोळ्यांत." मोजणीदारांनी विचारलेलं नसायचं, ठकूनेही विचारलेलं नसायचं, पण दोघांपैकी कोणी कधी तसं बोलून दाखवलं नाही.

चार महिन्यांपूर्वी आई गेली. सकाळी म्हणाली, जरा पडते, आणि उठलीच नाही.

त्यानंतर घरातले आकडे तेच राहिले, पण ते सांगणारा आवाज नव्हता. मोजणीदार तीन-दोनवर बसून राहत. ठकू आठवडाभर येऊन राहिली, जाताना म्हणाली, "बाबा, माझ्याकडे चला."

"मला हे घर पाठ आहे. तुझ्याकडे मी खरा आंधळा होईन."

"मी सगळं मोजून सांगते. इथल्यासारखंच. पाठ करा आणि मग या. पंधरा दिवस राहून बघा. नाही जमलं तर परत आणून सोडते. पुन्हा विषय काढणार नाही."

त्या बोलण्यात एवढा कोरडा व्यवहार होता, की मोजणीदारांना नाही म्हणायला जागाच सापडली नाही. मनात मात्र शंका होती. पोरगी कर्तव्य म्हणून नेतेय. आईसाठी म्हणून नेतेय. आपण तिथे धडपडलो, तर ओझं म्हणून राहावं लागेल, आणि या पोरीचं ओझं व्हायचं तोंड आपल्याला उरलेलं नाही. त्यांनी मनाशी पक्कं केलं. तिच्या घरात स्वतःच्या पायांनी चालता आलं तर राहायचं. नाहीतर परत फिरायचं, आणि मग बाप-लेकीत जे काही उरलंय तेही संपलं असं धरून चालायचं.

मग महिनाभर रोज संध्याकाळी साडेसहाला फोन यायचा.

"खोली एकच आहे, मोठी. आधी गोदाम होतं. फरशी तुमच्याएवढीच, एका पावलाची. आठ रुंद, बारा खोल. दार चार-शून्य. लिहिताय का?"

"लिहून काय करू?"

"हो. सॉरी." ती पुढे सांगू लागली. "खिडकी समोरच्या भिंतीत, चार-बारा. पलंग एक-आठ. न्हाणी एक-बारा. ओटा सात-अकरा. कापायचं टेबल सहा-सहापासून सहा-दहापर्यंत, लांबलचक आहे. मशिन सात-शून्य, दाराच्याच भिंतीला."

"परत सांग."

ती परत सांगे. 'आठ' म्हणताना आईसारखीच शेवटाला जराशी रेंगाळे. मोजणीदार फोन ठेवत आणि तीन-दोनवर बसल्या बसल्या तिची खोली फिरून येत. दारातून आत आठ, डावीकडे तीन, की पलंग. पलंगावरून सरळ आत चार, की न्हाणी. महिनाअखेरीस ती खोली त्यांना इतकी पाठ झाली, की दुपारी डोळा लागला तर ते तिथेच जागे होत. दुधी कागदावर सात-आठ ठिपके मंद उजळलेले, आणि त्यांतला एक, सात-शून्यवरचा, बारीक आवाज करत शिवत बसलेला. एवढं अकरा वर्षांत ते मुलीच्या घरी कधी राहिले नव्हते.

ठकूबरोबर ते पोचले सकाळी अकराच्या सुमाराला. जिना चढून दारापाशी येताच ठकू म्हणाली, "थांबा, तुमची बॅग खाली गाडीतच राहिली, घेऊन येते." कुलूप उघडून ती धडधडत खाली गेली.

मोजणीदार उंबऱ्यात उभे राहिले. आतून खडूचा आणि नव्या कापडाचा वास आला, समोरून वारा आला. ती खिडकी, चार-बारा. म्हणजे बरोबर चारवर उभे आहोत. त्यांना वाटलं, पोरगी वर येईपर्यंत पलंगावर जाऊन बसावं. काठी टेकून, मांडी घालून, जणू इथेच जन्म गेला. तिने दारात यावं आणि तोंडात बोट घालावं. म्हाताऱ्या माणसाची हौस ती. एवढ्या एका हौसेसाठी महिनाभर पाठांतर केलेलं.

ते निघाले. एक, दोन, तीन. पायाखाली फरशी गार आणि सपाट. आठव्या पावलावर थांबले. डावीकडे वळले. एक. दोन. आणि कमरेत टेबलाची कड अशी बसली की डोळ्यांपुढे चांदण्या चमकल्या. आंधळ्याच्या डोळ्यांपुढेही चमकतात, हे त्यांना तेव्हा कळलं. हात आधाराला गेला तो नेमका एका पत्र्याच्या डब्यावर. डबा खाली, झाकण एकीकडे, आणि शेकडो बटणं खोलीभर टणटणत, घरंगळत, गिरक्या घेत बसत गेली. शेवटचं बटण बराच वेळ फिरत राहिलं.

ठकू दारात आली तेव्हा मोजणीदार जागच्या जागी उभे होते. कुठल्या बाजूला तोंड आहे हेही त्यांना आता सांगता आलं नसतं.

"लागलं का बाबा?"

"यादी चुकीची आहे."

"असं कसं होईल? मी दोनदा मोजलं."

"मग तिसऱ्यांदा मोज."

तिने त्यांचा हात धरला, दोन-चार वळणं घेत बटणं चुकवत पलंगावर नेऊन बसवलं, आणि खरोखरच टेप घेऊन मोजायला लागली. टेपचा पत्रा सरकन बाहेर यायचा, सरकन आत जायचा. मोजणीदार ऐकत होते. बऱ्याच वेळाने ती म्हणाली, "बाबा, मापं बरोबर आहेत."

"म्हणजे मी चुकलो."

"तसं म्हटलं का मी?"

"चौतीस वर्षं मोजणी केली. आठ पावलं आणि दोन पावलं मला मोजता येत नाहीत, असंच ना?"

ठकू गुडघ्यांवर बसून बटणं गोळा करत होती. मुठीतली बटणं डब्यात पडल्याचा आवाज झाला. "तुम्ही म्हणालाच होतात," ती हळूच म्हणाली. "माझं माप कधी बरोबर येणार नाही म्हणून."

तिथे काही बोलायला हवं होतं. मोजणीदारांना ते कळलंही. पण कमर ठणकत होती आणि अभिमान त्याहून जास्त ठणकत होता. ते म्हणाले, "उद्याचं परतीचं तिकीट काढ."

"काढते," ठकू म्हणाली. "आज दुपारी एका बाईंचा कोट द्यायचाय. तो झाला की जाते."

जेवणं झाली. मग ती मशिनवर बसली, मोजणीदार पलंगावर आडवे झाले. दुपार चढली होती. खाली रस्त्यावर कोणीतरी सायकलची चेन काढून खटखट करत होतं. मशिन मध्येच धावायचं, मध्येच थबकायचं. खिडकीतून येणारा वारा भिंतीवर टांगलेले कपड्यांचे कागदी नमुने हलवत होता, आणि त्यांच्या सळसळीत मोजणीदारांचा डोळा लागला.

पुन्हा तो दुधी कागद. पण आज एकच नाही, दोन्ही घरं त्याच्यावर होती. त्यांच्या घरातली खुर्ची, तांब्या, चपला, आणि पलीकडे ठकूचा पलंग, मशिन, टेबल, सगळे ठिपके. बायको रेघांवरून अनवाणी चालत आली. तिचे पाय कागदावर उमटत नव्हते. शून्याच्या कोपऱ्यात जाऊन तिने ती काळी छत्री खुंटीवरून काढली.

"अगं, ती हलवू नकोस!"

"का हो?"

"ते शून्य आहे. ते हललं की सगळं हललं."

"हलू दे की." तिने छत्री उघडली आणि खांद्यावर टाकून निघाली. तिच्यामागून सगळा कागद सरकायला लागला. टेबलावरून चादर ओढावी तसा. आता सगळं एकमेकांवर आदळणार, पडणार, फुटणार. पण काहीच पडलं नाही. ठिपके सगळे मिळून सरकले. खुर्ची सरकली तेवढाच तांब्या सरकला, तांब्या सरकला तेवढ्याच चपला. त्यांनी घाईघाईने एका ठिपक्यापासून दुसऱ्यापर्यंत मोजून पाहिलं. जेवढं होतं तेवढंच.

"वजाबाकीच करायची ना शेवटी?" बायको लांबून म्हणाली. ती आता इतकी लांब गेली होती, की छत्री एका ठिपक्याएवढीच उरली होती. "आडव्यातून आडवं वजा, उभ्यातून उभं वजा. त्यात मी कुठं लागते?"

"तू लागतेस," मोजणीदार म्हणाले. "मला तू फार लागतेस गं." आणि या वाक्यासरशी जागे झाले. उशी गालाखाली ओली होती.

मशिन चालूच होतं. मोजणीदार उठून बसले. डोकं नितळ झालं होतं. पहिल्यांदाच त्यांनी नीट ऐकलं. मशिन पाठीमागे, म्हणजे तोंड खिडकीच्या भिंतीकडे. वारा येत होता तो डाव्या हाताच्या पुढच्या अंगाने. पण पलंग एक-आठ आणि खिडकी चार-बारा असेल, तर खिडकी उजव्या हाताला हवी. बाजू चुकलीच होती. यादी चुकलेलीच होती. मग माप कसं बरोबर?

बायकोचं ऐकायचं ठरवून त्यांनी शून्य सोडून दिलं आणि नुसती वजाबाकी केली. चारातून एक, तीन. बारातून आठ, चार. नऊ आणि सोळा, पंचवीस. पाच.

ते उभे राहिले. वाऱ्याकडे तोंड केलं आणि, आयुष्यात पहिल्यांदा, तिरके निघाले. फरशीच्या रेघा पायाखालून वाकड्या जायला लागल्या आणि त्यांना गरगरल्यासारखं झालं. कोणी पाहत नव्हतं म्हणून बरं. ठकूची पाठ होती, मशिनचा आवाज होता. एक. दोन. तीन. टाचेखाली एक चुकार बटण आलं. चार. पाच.

हात पुढे केला. खिडकीची चौकट हाताला लागली. थंड, गुळगुळीत, अगदी पाचव्या पावलावर.

मोजणीदार तसेच उभे राहिले. सकाळचं आठवलं. मधल्या रेघेवर, चारवर उभे होतो. यादीत टेबल सहावर, म्हणजे दोन पावलांवर. लागलं तेही दोनच पावलांवर. फक्त भलत्याच हाताला. त्यांनी आणखी एक करून पाहिलं. खिडकीपासून टेबलाचं जवळचं टोक दोन आडवं, दोन उभं. आठाचं वर्गमूळ, तीनला जरा कमी. यादीप्रमाणे उजवीकडे वळायला हवं होतं, ते मुद्दाम डावीकडे वळले. तिसरं पाऊल पुरतं पडायच्या आत बोटं टेबलावर टेकली.

टेबलावर कापड पसरलेलं होतं. त्यांनी त्यावरून तळवा फिरवला. वरची बाजू खरखरीत, तिच्यावर खडूच्या रेघा. बोटांना भुकटी लागत होती. रेघ सरळ होती, आणि जिथे वळायला हवं तिथे अशी सफाईने वळली होती, की मोजणीदारांचं बोट तिच्याबरोबर गेलं ते खांद्याच्या टोकापर्यंत जाऊन थांबलं. त्यांनी कड उचलून खालून हात घातला. खालची बाजू रेशमासारखी मऊ.

"ठकू."

मशिन थांबलं. "अहो बाबा! तुम्ही तिथं कसे गेलात?"

"हे कापड उलटं टाकलंयस का?"

"हो, उलटंच टाकतात. खुणा कायम उलट्या बाजूनं करायच्या. सुलट बाजूला खडू लागला की कापड गेलं."

"मग डावी बाही?"

"इथं उजवीकडे दिसते. शिवून सुलटं केलं की आपोआप डावीकडे जाते. पंधरा-पंधरा तास तेच करतो आम्ही, आता हाताला दुसरं काही येतच नाही. मी तर कशाचाही नकाशा कागदावर काढायला बसले तरी..."

ती थांबली. खाली सायकलवाल्याची चेन बसली असावी, चाक भिरभिरल्याचा आवाज आला.

"अगं बाई," ठकू म्हणाली. "मी खोली उलट्या बाजूनं आखली."

"हं."

"शून्य उजव्या कोपऱ्यात घेतलं. महिनाभर! रोज सांगत होते तुम्हाला, उलटं! आत्ता टेपसुद्धा त्याच कोपऱ्यातून लावला." तिचा आवाज हसू आणि रडू यांच्या मध्ये लोंबकळायला लागला. "दोन धडधाकट डोळे आहेत मला. देवा. पलंग उजवीकडे आहे हो बाबा. धडधडीत उजवीकडे आहे."

मोजणीदारांनी टेबलाची कड घट्ट धरली. अकरा वर्षं गिळलेलं काही सहजासहजी वर येत नाही, आणि त्यांना तर हद्दी आखायची सवय, ओलांडायची नव्हे.

"माप बरोबर आहे," ते म्हणाले.

"काय बरोबर? सगळं चुकलंय."

"बाजू चुकली. माप नाही. पलंगापासून खिडकी पाच निघते, मी चालून पाहिली, पाचच आहे. खिडकीपासून टेबल बरोबर आहे. कशापासूनही काहीही काढ, बोटभर फरक नाही." त्यांना थांबून श्वास घ्यावा लागला. "तुझं माप बरोबर आहे, ठकू. तेव्हाही बरोबरच असणार. मी बघितलं नाही. डोळे होते तेव्हा एकदाही येऊन बघितलं नाही मी. चुकलं माझं."

नाक ओढल्याचा आवाज सात-शून्यवरून स्पष्ट आला.

मग ती म्हणाली, "मी आज बसून सगळी यादी सुलटी करते. पलंग सात-आठ होईल, मशिन एक-शून्य..."

"नको."

"नको काय? पुन्हा आपटाल."

"तुझे आकडे तू बदलायचे नाहीत. मला ते तसेच पाठ आहेत. तू म्हणशील डावं, मी समजेन उजवं. मी उलटून घेतो." एवढं बोलून मोजणीदार आले तसे परत निघाले. टेबलापासून खिडकी, खिडकीपासून पाच, की पलंग. गुडघा गादीला टेकला तसे ते वळून उभे राहिले. "बस तू मशिनवर. उठू नकोस. कितीवर आहेस?"

"सांगितलं ना, सात-शून्य."

"नीट सांग. आई सांगायची तसं."

मग आवाज आला, "अहो बाबा, मी सात-शून्यवर बसलेय हं."

"आणि मी एक-आठवर," ते म्हणाले. "सातातून एक, सहा. आठातून शून्य, आठ. छत्तीस आणि चौसष्ट, शंभर. दहा." हा आकडा त्यांनी दोनदा तपासला. अकरा वर्षांत त्यांच्या मनात तो कितीतरी मोठा होऊन बसला होता.

"काठी घ्या, बाबा."

"नको. काहीतरी कर, आवाज कर."

तिने मशिनचं चाक हाताने हळूहळू फिरवायला सुरुवात केली. सुई वर, सुई खाली. त्या टकटकीकडे तोंड करून मोजणीदार निघाले. एक. दोन. खोली पुन्हा दुधी झाली आणि त्यांना वाटलं, आपण फरशीवर नाही, कागदावर चालतोय, रेघा सोडून, दोन ठिपक्यांच्या मधल्या कोऱ्या जागेतून. तीन. चार. पाच. मधली रेघ आली तसा खिडकीचा वारा पाठीवर आला. टकटक थांबली. आता कशाच्या आधाराने चालावं, असं मनात आलं, तरी पाय थांबले नाहीत.

सहाव्या पावलाला पुढे केलेल्या हातात एक हात आला. बोटांना खडू लागलेला, आणि अंगठ्याशी सुया टोचून टोचून घट्टे पडलेले.

"दहा निघायला हवे होते," मोजणीदार म्हणाले. "सहाच झाले."

"चार मी चालले," ठकू म्हणाली.